रात्रीच्या खेपा

पुणे-मुंबई द्रुतगती मार्गावर जरा जोरात हाकलेली मोटार ज्याला आरामात मागे टाकेल, अशा एका विमानाने दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्याची तीन वर्षं झोप उडवली. विमानाचं नाव यू-२. निकोलाय पोलिकार्पोव्ह या रशियन अभियंत्याने १९२०च्या दशकाच्या अखेरीस ते बनवलं, ते नवशिक्यांना उडायला शिकवण्यासाठी. शांततेच्या काळात ते पिकांवर औषध फवारायचं, टपाल न्यायचं, आजाऱ्यांना इस्पितळात पोचवायचं. लाकडाचा सांगाडा, काही भागांवर प्लायवूड, बाकी सगळीकडे ताणून बसवलेलं, रोगण दिलेलं कापड. पाच सिलिंडरचं, जेमतेम शंभर-एकशेदहा अश्वशक्तीचं इंजिन. बसायच्या जागा दोन, एकीमागे एक, आणि दोन्ही उघड्या. अंगाखाली बॉम्ब टांगले की ताशी ११०-१२० किलोमीटरच्या पुढे जाणं त्याच्या जिवावर यायचं.

असल्या विमानातून अंधारात आघाडी ओलांडायची, जर्मनांच्या छावण्यांवर, पुलांवर, दारूगोळ्याच्या साठ्यांवर बॉम्ब टाकायचे आणि परत यायचं, हे काम सोव्हिएत हवाईदलाच्या ५८८व्या रात्र-बॉम्बर रेजिमेंटकडे होतं. या रेजिमेंटमध्ये पुरुष औषधालाही नव्हता. वैमानिक, मागच्या जागेवर बसून दिशा दाखवणारी नॅव्हिगेटर, इंजिनची मेकॅनिक, बॉम्ब चढवणारी, रेजिमेंटची प्रमुख, सगळ्या बायका. आणि बहुतेकींची वयं विशीच्या अलीकडे-पलीकडे. जून १९४२ पासून मे १९४५ पर्यंत त्यांनी २३,०००हून जास्त खेपा केल्या आणि सुमारे ३,००० टन बॉम्ब टाकले. इरिना सेब्रोवा या एकटीच्या नावावर १,००८ खेपा आहेत. तीन वर्षांत दिवस असतात १,०९५. त्यातून हिमवादळाचे, धुक्याचे, विमान नादुरुस्त असल्याचे दिवस वजा करा. हा हिशेब जुळायचा तर रात्रीत एकदा जाऊन भागत नाही. त्या एका रात्रीत आठ-आठ, दहा-दहा वेळा जाऊन यायच्या. नादेझ्दा पोपोवाने एका रात्रीत १८ खेपा केल्याची नोंद आहे.

शौर्याच्या गोष्टी सहसा एका क्षणाभोवती फिरतात: एक उडी, एक वार, एक बलिदान. या मुलींचं मला नवल वाटतं ते तोच क्षण त्यांनी एका रात्रीत अठरा वेळा काढला, आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पुन्हा काढायला निघाल्या, याचं. हे जमलं कसं, याची उत्तरं थोडी भौतिकशास्त्रात सापडतात, थोडी डोळ्याच्या पडद्यावर, आणि थोडी बॉम्ब चढवण्याच्या पद्धतीत.

आधी भौतिकशास्त्र. विमानाला हवेत तोलून धरणारी उचल मुख्यतः दोन गोष्टींवर अवलंबून असते: पंखांचं क्षेत्रफळ आणि वेगाचा वर्ग. यू-२चे पंख दोन मजली, एकूण सुमारे ३३ चौरस मीटर, आणि बॉम्बसकट वजन हजार ते तेराशे किलो. म्हणजे पंखाच्या प्रत्येक चौरस मीटरवर जेमतेम चाळीस किलोचा भार. त्याच्या मागे लागणाऱ्या जर्मन मेसरश्मिट १०९चे पंख १६ चौरस मीटरचे आणि वजन तीन टनांच्या घरात. तिथे तोच भार १९०च्या आसपास जातो. भार जवळजवळ पाचपट, आणि उचल वेगाच्या वर्गाने वाढते, म्हणून हवेत नुसतं टिकून राहायलाही मेसरश्मिटला सव्वादोनपट वेग लागतो. यू-२ ताशी ६५ किलोमीटरला हवेत रमतगमत राहू शकतं. मेसरश्मिट दीडशेच्या खाली आलं की कोसळायच्या बेताला येतं.

आता पाठलागाचं चित्र डोळ्यांसमोर आणा. शिकारी सहाशेच्या वेगाने येणारा, सावज शंभरने सरकणारं. नेम धरायला त्याला जेमतेम दोन-तीन सेकंद मिळतात आणि मग तो पुढे निघून जातो. वळून परत येईपर्यंत सावज छोटं वळण घेऊन एखाद्या ओढ्याच्या पात्रात, झाडांच्या शेंड्यांखाली उतरलेलं असतं. वेग कमी करून त्याच्या मागे राहावं तर शिकारी स्वतःच पडतो. ही कल्पनाविलासाची गोष्ट वाटत असेल तर कोरियाच्या युद्धाकडे पाहा. १९५३मध्ये याच जातीच्या विमानामागे लागलेल्या एका अमेरिकन जेट विमानाने नेम धरण्यासाठी वेग इतका कमी केला की ते जेटच कोसळलं. खुद्द जर्मनांनाही या मंदपणाचं महत्त्व पटलं होतं. त्यांनी अडगळीत पडलेली आपली शिकाऊ विमानं बाहेर काढून रात्री त्रास देणाऱ्या तुकड्या उभ्या केल्या, त्या याच विमानांचं पाहून.

अर्थात कापडाच्या विमानाची दुसरी बाजूही आहे. साधी गोळी कापडातून आरपार जायची. सकाळी भोकावर कापडाचा तुकडा चिकटवला की विमान तयार. पण जळती गोळी लागली तर रोगण दिलेलं कापड काडेपेटीसारखं पेटायचं. आणि १९४४च्या उन्हाळ्यापर्यंत या मुलींकडे पॅराशूट नव्हती. तेवढ्या वजनाचा बॉम्ब जास्त नेता येतो, असा हिशेब होता.

या मुली आल्या कुठून? त्याचा धागा १९३८पर्यंत मागे जातो. त्या वर्षी २४ सप्टेंबरला वालेंतिना ग्रिझोदुबोवा, पोलिना ओसिपेन्को आणि मरीना रास्कोवा या तिघी ‘रोदिना’ नावाच्या विमानातून मॉस्कोहून अतिपूर्वेकडे निघाल्या. न थांबता २६ तासांहून जास्त उडून, सरळ रेषेत मोजलं तर ५,९०८ किलोमीटर गेल्यावर इंधन संपत आलं. खाली तैगाचं जंगल आणि दलदल. नॅव्हिगेटर रास्कोवा यांची बसायची जागा विमानाच्या नाकात होती. पोटावर विमान उतरवलं तर नाकाचा चुराडा ठरलेला. म्हणून त्यांना आधी पॅराशूटने उडी मारायला सांगितलं. उडी मारली तेव्हा खिशात चॉकलेटच्या दोन वड्या होत्या. विमान शोधत त्या दहा दिवस जंगलात भटकल्या आणि अखेर आपल्या पायांनी विमानापाशी पोचल्या. ‘सोव्हिएत संघाचा वीर’ हा सर्वोच्च किताब मिळालेल्या या तिघी पहिल्या बायका. त्यानंतर रास्कोवा यांचं नाव घरोघरी झालं.

जून १९४१मध्ये जर्मनीने हल्ला केला तेव्हा देशभरच्या फ्लाइंग क्लबांत शिकलेल्या, काही ठिकाणी शिकवणाऱ्याही, शेकडो मुली होत्या. भरती कार्यालयं त्यांना परत पाठवायची. त्यांनी रास्कोवा यांना पत्रं लिहायला सुरुवात केली. रास्कोवा यांनी वर वजन वापरलं आणि ८ ऑक्टोबर १९४१ला बायकांच्या तीन हवाई रेजिमेंट उभ्या करायचा हुकूम निघाला. पुढे दोन रेजिमेंटमध्ये गरजेपोटी पुरुष आले. रात्रीच्या खेपा करणारी ५८८वी मात्र शेवटपर्यंत बायकांचीच राहिली. तिच्या प्रमुख येवदोकिया बेर्शान्स्काया, आधीपासूनच्या मुरलेल्या वैमानिक. स्वतः रास्कोवा ४ जानेवारी १९४३ला आघाडीकडे जाताना हिमवादळात विमान कोसळून गेल्या.

व्होल्गाकाठच्या एंगेल्स गावात प्रशिक्षण सुरू झालं. आल्याआल्या लांब वेण्या कापायचा हुकूम. कपडे पुरुषांच्या मापाचे, आतले सुद्धा. बूट इतके मोठे की आत चिंध्या आणि कागद कोंबल्याशिवाय पाय ठरत नसे. या कपड्यांवरून पुढे एक प्रकरण घडलं, ते सांगितल्याशिवाय राहवत नाही. रात्री खालचा मुलूख उजळायला छोट्या पॅराशूटला बांधलेले प्रकाशगोळे टाकत. त्यातल्या एका गोळ्याचं रेशमी पॅराशूट दोन मुलींनी फाडलं आणि त्यातून आपल्या मापाचे आतले कपडे शिवले. सरकारी मालाची नासाडी म्हणून दोघींवर लष्करी खटला चालला आणि शिक्षाही झाली. मग त्यांना तुरुंगात न पाठवता रेजिमेंटमध्येच ठेवलं, कारण खेपा करायला माणसं हवीच होती. युद्धकाळातल्या कारकुनीचा हा नमुना कोणत्याही विनोदी लेखकाला सुचला नसता.

रात्रीचं तंत्र असं. लक्ष्यापासून काही अंतरावर, हजार-तेराशे मीटर उंचीवर असतानाच वैमानिक इंजिन अगदी मंद करायची. रुंद पंखांचं हलकं विमान घसरगुंडीवरून यावं तसं हवेतून खाली तरंगत यायचं. खालच्या सैनिकांना आवाज यायचा तो फक्त पंखांना बांधलेल्या तारांमधून वाहणाऱ्या वाऱ्याचा, आणि तोही अगदी डोक्यावर आल्यावर. नॅव्हिगेटर बॉम्ब सोडायची, वैमानिक इंजिनला पुन्हा जोर द्यायची आणि विमान वळायचं. उंचीचं गणित चुकवून चालत नसे. फार खालून बॉम्ब टाकला तर त्याचेच तुकडे आपल्या कापडी पोटात. जर्मन सैनिक या मुलींना रात्रीच्या चेटकिणी म्हणू लागले. सोव्हिएत सरकार या मुलींना अंधारात मांजरासारखं दिसण्याची इंजेक्शनं देतं, अशी त्यांच्यात अफवा असल्याचं पोपोवाने म्हातारपणी मुलाखतीत हसत सांगितलं होतं.

इंजेक्शन नव्हतं, पण अंधारात दिसण्याची गोष्ट खरोखर अचंब्याची आहे. आपल्या डोळ्याच्या पडद्यावर दोन जातींच्या पेशी असतात. शंकूपेशी उजेडात रंग दाखवतात. अंधारात काम करतात त्या दंडपेशी, आणि त्यांच्यात अ जीवनसत्त्वापासून बनलेलं रोडॉप्सिन नावाचं रंगद्रव्य असतं. प्रखर उजेड पडला की हे द्रव्य फिकं पडून निकामी होतं आणि पुन्हा पुरतं भरून यायला अर्धा तास लागतो. आता सर्चलाइटचा विचार करा. त्या झोतात सापडलेली वैमानिक त्या क्षणी तर आंधळी व्हायचीच, पण झोतातून सुटल्यावरही कितीतरी वेळ अंधारातलं तिला काही दिसत नसे. धावपट्ट्या आघाडीच्या अगदी जवळ असत, एका खेपेला अर्धा-पाऊण तास लागे. म्हणजे डोळे जेमतेम ताळ्यावर येताहेत तोवर पुढचा झोत अंगावर! म्हणून झोतात सापडलं की वैमानिक मान खाली घालून फक्त समोरच्या काट्यांकडे पाहायची आणि दिशा सांगायचं काम मागचीने रबरी नळीतून ओरडून करायचं. कधी दोन विमानं जोडीने जात. एकीने मुद्दाम आवाज करत सगळे झोत आपल्यावर ओढून घ्यायचे, तेवढ्यात दुसरीने गुपचूप तरंगत येऊन बॉम्ब टाकायचे, आणि मग अदलाबदल.

डोळ्यांपेक्षा कान जास्त दगा देतात. तोल सांभाळणाऱ्या कानातल्या नलिकांमध्ये द्रव असतो. आपण वळलो की तो मागे राहतो आणि मेंदूला वळण कळतं. पण एकाच गतीने वीसेक सेकंद वळत राहिलं की द्रवही सोबत फिरू लागतो आणि मेंदूला वाटतं आपण सरळ चाललोय. मग विमान खरोखर सरळ केलं की उलटीकडे वळल्याचा भास होतो. दिवसा क्षितिज दिसतं, त्यामुळे ही फसवणूक चालत नाही. रात्री हिमवादळात आकाश कुठे संपतं आणि जमीन कुठे सुरू होते तेच कळत नाही. मार्च १९४२मध्ये, आघाडीवर जायच्याही आधी, एंगेल्सच्या सरावात दोन विमानं अशीच जमिनीवर आपटली आणि चार मुली गेल्या. त्यानंतर डोक्यावर आच्छादन ओढून, बाहेरचं काहीही न पाहता, नुसत्या काट्यांवर उडायचा सराव वाढवण्यात आला.

यू-२ मुळात शिकाऊ विमान, म्हणून सुकाणू पुढे होतं तसंच मागेही. त्याचा उपयोग काय, हे २३ एप्रिल १९४३च्या रात्री कळलं. येवदोकिया नोसाल ही बेलारूसची मुलगी. युद्धाच्या सुरुवातीलाच बाळंतपणाच्या इस्पितळावर बॉम्ब पडून तिचं नुकतं जन्मलेलं मूल गेलं होतं. त्यानंतर ती रेजिमेंटमध्ये आली आणि तिने ३५४ खेपा केल्या. त्या रात्री नोव्होरोसिस्कजवळ शत्रूच्या विमानातून आलेला गोळा तिच्या डोक्याला लागला आणि ती सुकाणूवर कोसळली. मागे बसलेली ग्लाफिरा काशिरिना उठली, एका हाताने मैत्रिणीचं निपचित अंग सुकाणूवरून मागे खेचून धरलं आणि दुसऱ्या हाताने विमान तळावर आणून उतरवलं. नोसालला मरणोत्तर सर्वोच्च किताब मिळाला; या युद्धात लढलेल्या वैमानिक बायकांमधला तो पहिला.

एका रात्रीत अठरा खेपा हवेतल्या कसबाने होत नाहीत. त्या जमिनीवर होतात. नियमाप्रमाणे प्रत्येक विमानाची आपली मेकॅनिक आणि आपली बॉम्ब चढवणारी. म्हणजे तुमचं विमान आलं की तुमच्या दोघीच धावणार, बाकीच्या आपापल्या विमानाची वाट पाहत उभ्या. बेर्शान्स्काया आणि त्यांच्या बायकांनी हा नियम गुंडाळून ठेवला. कामाप्रमाणे टोळ्या पाडल्या. एक टोळी विमान जागेवर घेणारी, एक इंधन भरणारी, एक फक्त बॉम्ब चढवणारी. जे विमान येईल त्यावर सगळ्यांनी तुटून पडायचं. पाचेक मिनिटांत विमान पुन्हा हवेत. बॉम्ब पंचवीस, पन्नास, शंभर किलोचे. ते चिखलातून, बर्फातून हातांनी ओढत आणून, गुडघे टेकून पंखाखाली अडकवायचे. फ्यूज बसवायला बोटं मोकळी लागतात, म्हणून कडाक्याच्या थंडीतही हातमोजे काढायचे. वैमानिक मात्र खाली उतरतच नसत. कुणीतरी चहाचा मग वर द्यायचं, तो प्यायचा, निघायचं. झोपेची वाटणीही ठरलेली: जाताना एकीने डुलकी घ्यायची, येताना दुसरीने.

याच नेमाने एका रात्री घात केला. एकामागोमाग एक, ठरावीक मिनिटांनी, एकाच वाटेने येणारी विमानं. जो खाली टपून बसलाय त्याला आणखी काय हवं? ३१ जुलै १९४३च्या रात्री तामान भागात मुली लक्ष्यावर पोचल्या तेव्हा सर्चलाइट लागले, पण विमानविरोधी तोफा गप्प होत्या. हे गप्प राहणं कुणाला उलगडेना. झोतात सापडलेलं पहिलं विमान पेटलं, मग दुसरं, तिसरं, चौथं. तोफा गप्प होत्या कारण वर अंधारात जर्मनांचं रात्री शिकार करणारं विमान फिरत होतं आणि झोत त्याला सावज दाखवत होते. काही मिनिटांच्या अंतराने आठ मुली गेल्या. त्यांत तीन महिन्यांपूर्वी नोसालला परत आणणारी काशिरिना होती. त्या रात्रीच्या पुढच्या खेपा थांबवल्या. दुसऱ्या दिवशी त्या पुन्हा सुरू झाल्या.

त्या आठ जणींतली आणखी एक होती गालिना दोकुतोविच, बेलारूसमधल्या गोमेलची. तिची गोष्ट खरं तर वर्षभर आधी संपायची. जुलै १९४२मध्ये खेपांच्या मधल्या वेळात ती धावपट्टीच्या कडेला गवतात आडवी झाली आणि तिला डोळा लागला. अंधारात इंधनाचा ट्रक तिच्या अंगावरून गेला. पाठीच्या कण्याला जबर इजा झाली. महिनोन् महिने इस्पितळात काढल्यावर डॉक्टरांनी सहा महिन्यांची रजा लिहून दिली. ती घरी गेली नाही. डिसेंबरात सरळ रेजिमेंटमध्ये परतली आणि उडू लागली. उघड्या विमानात, थंडीत, तासन् तास एका जागी बसून पाठीचं काय होत असेल याची कल्पना ज्यांना कंबरदुखी आहे त्यांनीच करावी. आपल्या दुखण्याबद्दल ती मैत्रिणींपाशी फारसं बोलत नसे. जे काही होतं ते डायरीत. डायरी पुढे प्रसिद्ध झाली. शाळेपासूनची तिची मैत्रीण पोलिना गेल्मन त्याच रेजिमेंटमध्ये नॅव्हिगेटर होती. तिने युद्धानंतर आपल्या मुलीचं नाव गालिना ठेवलं. बरं वाटण्याआधीच कामावर परतणं हे शहाणपणाचं होतं का, असा प्रश्न मला पडतो. पण तो मला पडतो, घरात पंख्याखाली बसून. तिच्या गोमेलवर तेव्हा जर्मनांचा ताबा होता.

हियुआझ दोस्पानोवा ही कझाक मुलगी, कास्पियन समुद्राकाठच्या मुलखातली. मॉस्कोत ती वैद्यकीचं शिक्षण घेत होती, तोवर युद्ध आलं. उडायला ती त्याआधीच शिकलेली, म्हणून रास्कोवा यांच्या मुलींमध्ये दाखल झाली. १ एप्रिल १९४३च्या रात्री तिचं विमान पाश्कोव्स्कायाच्या तळावर उतरत असताना दुसरं विमान अंधारात वरून येऊन त्यावरच उतरलं. दुसऱ्या विमानातल्या दोघी जागच्या जागी गेल्या. दोस्पानोवाची वैमानिक युलिया पाश्कोवा पुढे इस्पितळात गेली. दोस्पानोवा उरली, दोन्ही पाय मोडलेली.

हाड जुळतं कसं, तेही पाहण्यासारखं आहे. मोडलेल्या जागी आधी रक्त गोठतं, मग त्यात मऊ कूर्चेसारखा सांधा तयार होतो, काही आठवड्यांत तो कडक होतो आणि पुढे वर्षानुवर्षं शरीर त्या जागेला घडवत, घासत राहतं. हे सगळं आपोआप होतं, पण हाडाला सरळ-वाकडं कळत नाही. टोकं जशी ठेवाल तशी ती इमानदारीने जुळतात. रणांगणाजवळच्या इस्पितळात, घाईगर्दीत, दोस्पानोवाची हाडं नीट जुळली नाहीत. काही महिन्यांनी ती कुबड्यांवर रेजिमेंटमध्ये परत आली, आणि तिने उडायला मागितलं. इथे यू-२ची रचना तिच्या कामी आली. वैमानिकाला विमान वळवायला पायांखालचे पेडल दाबावे लागतात. नॅव्हिगेटरचं काम डोळ्यांवर, नकाशावर आणि हातांवर भागतं. अडचण होती ती फक्त पंखावर पाय देऊन आत चढायची. ते काम मैत्रिणी करायच्या, उचलून आत बसवायच्या. युद्ध संपेपर्यंत तिच्या तीनशेहून जास्त खेपा झाल्या.

१५ ऑक्टोबर १९४५ला रेजिमेंट बरखास्त झाली. तोवर तिला ‘गार्ड्‌स’ हा बहुमान आणि नवा ४६ हा क्रमांक मिळाला होता. तिच्यातल्या एकूण २३ जणींना सर्वोच्च किताब मिळाला, काहींना तो युद्धानंतर. येवगेनिया रुदनेवा ही खगोलशास्त्राची विद्यार्थिनी ६४५ खेपांनंतर एप्रिल १९४४मध्ये केर्चजवळ गेली. एका लघुग्रहाला तिचं नाव आहे. पोपोवाला नवराही खेपांनीच मिळवून दिला: १९४२च्या ऑगस्टात तिचं विमान पाडलं गेलं, माघार घेणाऱ्या फौजेबरोबर ती पायी चालू लागली आणि वाटेत तोंडाला पट्ट्या बांधलेला, पुस्तक वाचत बसलेला एक जखमी वैमानिक भेटला. पुढे दोघांना सर्वोच्च किताब एकाच दिवशी मिळाला. रेजिमेंटचं कार्यालयीन काम सांभाळणाऱ्या इरिना राकोबोल्स्काया मॉस्को विद्यापीठात परतल्या, विश्वकिरणांवर संशोधन केलं, प्राध्यापक झाल्या आणि २०१६पर्यंत जगल्या. विश्वाच्या जन्मानंतरच्या पहिल्या क्षणार्धात ते अफाट वेगाने फुगलं, हा सिद्धांत घडवणाऱ्यांमधले आंद्रेई लिंडे हे त्यांचे चिरंजीव.

दोस्पानोवा कझाकस्तानात परतली. वैद्यकीचं शिक्षण तिथेच राहिलं. ती पक्षाच्या आणि सरकारच्या कामात वर चढत गेली, पण पायांच्या दुखण्याने तिला ते काम लवकर सोडावं लागलं. मॉस्कोहून सर्वोच्च किताब तिला कधीच आला नाही. २००४मध्ये स्वतंत्र कझाकस्तानने तिला आपला ‘वीर’ किताब दिला. तेव्हा ती ८२ वर्षांची होती, आणि त्यातली ६१ वर्षं तिने पाश्कोव्स्कायाच्या धावपट्टीवर मोडलेल्या पायांवर काढली होती.